सासूबाई, बोझेना आणि दोन आवाजांचा मारेक

"घरात बसून त्या फोनकडे किती वेळ बघायचं? चला कुठेतरी," असं सासूबाई म्हणाल्या आणि मी पडत्या फळाची आज्ञा मानून गाडीची चावी शोधायला लागले. फोन काही येणार नव्हताच. त्यांच्या बायॉप्सीचा रिझल्ट मंगळवारी, डॉक्टरांच्या तोंडून, समोर बसून ऐकायचा होता. मधे बँक हॉलिडेचा लांबलचक वीकेंड पडला होता आणि इंग्लंडमधल्या रीडिंग गावातल्या आमच्या घरात कोणी मोठ्याने बोलतही नव्हतं.

आधी थोडं घरचं सांगते, नाहीतर पुढचं कळणार नाही. सासूबाई, म्हणजे आमच्या आई, मूळच्या कराडच्या, वय एकाहत्तर. गेली तीन वर्षं आमच्याकडे असतात. इंग्रजी 'थँक्यू' आणि 'नो शुगर' एवढंच. हॉस्पिटलने दुभाषी देऊ केली होती, पण आईंनी साफ नाही म्हटलं. "परक्या बाईच्या तोंडून नको. मीनलच सांगेल. जे असेल ते सगळं सांगेल." माझा नवरा श्रीकांत मला स्वयंपाकघरात गाठून म्हणाला, "सगळं एकदम नको सांगूस तिला. थोडं थोडं सांग." एरवी माझ्या तोंडात तीळ भिजत नाही, पण ही गोष्ट माझ्या तोंडातून निघेल की नाही, याचीच मला धास्ती होती. श्रीकांतच्या ऑफिसात नेमकं नव्या सॉफ्टवेअरचं रिलीज, त्यामुळे तो वीकेंडभर लॅपटॉपला चिकटलेला. मग ठरलं की आम्ही बायकाच जाऊ.

कुठे जायचं ते शेजारच्या बोझेनाने ठरवलं. बोझेना पोलंडची, इथल्या एका बेकरीत कामाला. ती आणि आई यांची मैत्री हा आमच्या गल्लीतला चमत्कार आहे, कारण दोघींना एकमेकींच्या भाषेचं अक्षरही कळत नाही. त्या एकत्र बसून हिंदी सिनेमे बघतात. सध्या पोलंडमध्ये आपल्या सिनेमांचं भयंकर वेड आहे, बोझेनाची बहीण तिला तिकडून डीव्हीडी पाठवते. आणि तिकडची गंमत अशी की परदेशी सिनेमा असला की एकच माणूस सगळ्यांचे संवाद पोलिशमध्ये वाचतो. नायक, नायिका, खलनायक, आजीबाई, सगळे त्याच्याच आवाजात. मागे मूळ आवाज बारीक ऐकू येत राहतो. त्या वाचणाऱ्याला 'लेक्टर' म्हणतात आणि त्याने अजिबात अभिनय करायचा नसतो. 'मी तुझ्याशिवाय जगू शकत नाही' आणि 'चहा घेणार का' हे एकाच पट्टीत. आई खालचं हिंदी ऐकतात, बोझेना वरचं पोलिश ऐकते, आणि दोघी बरोबर एकाच जागी डोळे पुसतात.

या डीव्हीड्यांवरचा लेक्टर म्हणजे मारेक. आई त्याला 'तो बोलणारा' म्हणतात. तो बोझेनाच्या पोलंडमधल्या इमारतीतला, तिच्या धाकट्या भावाचा मित्र. पण त्याचा खरा धंदा वेगळाच, तो एका एक्स्ट्रीम मेटल बँडचा गायक आहे. गायक म्हणजे डरकाळ्या फोडणारा. शनिवारी साउथहॅम्प्टनला त्याच्या बँडचा कार्यक्रम होता आणि रविवारी लेस्टरच्या पोलिश क्लबात तो एका हिंदी सिनेमाला समोर बसून आवाज देणार होता. "मला त्या बोलणाऱ्याला बघायचंय," आई म्हणाल्या. "दोन्हीकडे जाऊ." मी म्हटलं, आई, तिथे फार आवाज असतो हो. त्या म्हणाल्या, "इथे काय, सगळे कुजबुजतायत. त्यापेक्षा बरं."

रीडिंगहून साउथहॅम्प्टन म्हणजे ए३३ने बेसिंगस्टोक आणि पुढे एम३, ट्रॅफिक नसेल तर तासाभराचं काम. बँक हॉलिडेच्या शनिवारी असं म्हणणारा उंटावरचा शहाणा. अर्धं इंग्लंड समुद्राकडे निघालं होतं. आईंनी दशम्या आणि शेंगदाण्याची चटणी घेतली होती, बोझेनाने पिएरोगी. पिएरोगी म्हणजे बटाटा आणि चीज भरून उकडलेली करंजी समजा. गाडी रांगेत उभी असताना मागच्या सीटवर देवाणघेवाण झाली. चटणी खाऊन बोझेनाच्या नाकाडोळ्यातून पाणी आलं, तरी तिने परत मागून घेतली.

तुम्ही जाणार असाल तर गाडी गावाबाहेर ठेवून बसने आत यायच्या पार्क अँड राइडला लावू नका, बंदराजवळच्या कारपार्कला लावा, म्हणजे बोटी फुकटात बघायला मिळतात. धक्क्याला एक क्रूझची बोट लागली होती. आई बराच वेळ मान वर करून बघत उभ्या राहिल्या. "एवढी माणसं निघाली कुठे?" त्यांनी विचारलं. मी म्हटलं, कुठे नाही, फिरून परत इथेच येतात. "मग बरंय," म्हणाल्या.

कार्यक्रम एका पबच्या मागच्या हॉलमध्ये होता. तिकीट आठ पौंड. बोझेनाच्या ओळखीवर आम्हाला दुपारीच, साउंडचेकच्या वेळी, आत सोडलं. पुढच्या वर्षीपासून पबमध्ये सिगारेट बंद होणार म्हणतात, ती उद्या झाली तर बरं, इतका तिथे वास. मारेक पुढे आला. सहा फुटांवर उंची, कंबरेपर्यंत केस, काळे कपडे, हातभर गोंदण. त्याने आधी बोझेनाला कवटाळलं आणि मग आईंसमोर वाकून, त्यांच्याकडच्या रीतीप्रमाणे, आईंचा हात ओठांना लावायला घेतला. आई दचकल्या, हात सोडवून घेतला आणि तोच त्याच्या डोक्यावर ठेवला. "औक्षवंत हो," म्हणाल्या. त्याने मला विचारलं, काय म्हणाल्या? मी सांगितलं, खूप वर्षं जग. तो म्हणाला, आमच्या गाण्यांत बरोबर उलटं असतं.

मग तो स्टेजवर गेला. तुम्ही हे संगीत ऐकलं नसेल तर सांगते, पहिल्या क्षणी आपण घाबरतो. ड्रमचा नुसता मारा, गिटारी चिरत जाणाऱ्या, आणि त्यावर मारेकचा आवाज, पोटाच्या तळातून खरवडून काढल्यासारखा. आईंनी कानांत कापूस घालून घेतला होता. मी त्यांच्याकडे बघितलं तर त्या शांतपणे मांडीवर ताल धरून बसलेल्या.

"अंगात आलंय का गं याच्या?" त्यांनी विचारलं.

"नाही हो, असंच गातात हे."

"मग ठीक आहे. ताल पक्का आहे पण."

नंतर आम्ही शेजारच्या कॅफेत चिप्स आणि चहा घेऊन बसलो आणि मारेकने आपली सगळी कहाणी सांगितली. त्याचं इंग्रजी मोडकं पण नेमकं होतं, अडलं की बोझेना मदत करायची आणि मी आईंना मराठीत सांगत होते. इमारतीच्या तळघरात, कोळसा ठेवायच्या खोलीत, त्यांनी बँड सुरू केला. बोझेनाची आई वरून झाडूच्या दांड्याने जमीन ठोकायची. ("घरोघरी मातीच्या चुली," आई म्हणाल्या.) पहिली कॅसेट त्यांनी घरच्या टेपवर एकेक करून उतरवली आणि टपालाने विकली. मग खऱ्या रेकॉर्ड्स, मग व्हॅनमधून युरोपभर दौरे, झोपणं ड्रमच्या पेट्यांवर. एकदा गावच्या पाद्र्याने त्यांचा कार्यक्रम बंद पाडला आणि दुसऱ्या दिवशी मारेकच्या आईने त्याच पाद्र्याला घरी बोलावून सूप पाजलं.

सिनेमात तो त्या केसांमुळे शिरला. एका दिग्दर्शकाला सैतान हवा होता. सबंध सकाळ मेकअप करून याला उभा केला आणि सिनेमात तो दिसला डोळ्याची पापणी लवेपर्यंत. मग मेलेला सैनिक, मग बुडालेला कोळी. "माझ्याइतका कोणी मेला नसेल," तो म्हणाला. पुढे राक्षसांचे आवाज द्यायला एका स्टुडिओत जाऊ लागला, आणि एक दिवस तिथला लेक्टर आजारी पडला. हा दारात उभा होता, याच्या हातात कागद दिले. हिंदी सिनेमे त्याच्याकडे आले, कारण ते साडेतीन तासांचे आणि गाण्यांचे, मोठे लेक्टर नको म्हणत. बँडच्या चाहत्यांनी आधी टिंगल केली. मग कळलं की त्यांच्याच आया हे सिनेमे बघतात, तेव्हा गप्प बसले.

मी त्याला विचारलं, स्टेजवर एवढा आवाज काढतोस आणि तिथे इतकं सपाट कसं वाचतोस? हा प्रश्न उगाच नव्हता हे तुम्हाला कळलंच असेल.

त्याने चहाचा कप खाली ठेवला. "पडद्यावर नटी रडतेय. मीही रडलो, तर बघणाऱ्याने कुठे रडायचं? त्याची जागा मी खाल्ली. माझं काम फक्त, ती काय म्हणाली ते पोचवायचं. एक श्वास मागे राहून."

मी हे आईंना सांगितलं. त्यांनी मान हलवली आणि चिप्सवर मीठ घातलं. मी मात्र मनात म्हटलं, बाबा रे, तुझी ती नटी, माझी ती सासू. आणि सासू म्हणजे कशी, तर लग्नानंतर सुरुवातीची दोन वर्षं मला पोळी फुगवता येईना, तर स्वतःच्या पहिल्या चार पोळ्या मुद्दाम चिवट करून पानात घेणारी. त्यांच्या तोंडावर सपाट आवाजात मी काय वाचणार?

संध्याकाळी आम्ही दोन गाण्यांपुरत्या थांबलो. मागे टी-शर्टच्या टेबलाशेजारी आईंना खुर्ची दिली होती. काळ्या कपड्यांतली, नाकात कड्या घातलेली ती पोरं आईंच्या भोवती हातभर जागा सोडून उभी होती, धक्का लागू नये म्हणून. एका मुलीने लेमनेड आणून दिलं. "संस्कारी आहेत," आई म्हणाल्या. मग आम्ही बी-अँड-बीवर आलो. तिघींची खोली साठ पौंड, नाश्त्यात शाकाहारी माणसाला टोस्ट आणि मश्रूम.

रविवारी सकाळी लेस्टर. ए३४ने न्यूबरी, ऑक्सफर्ड, पुढे एम४०, मग ए४३ने नॉर्थॅम्प्टन आणि एम१. हायवेवरच्या सर्व्हिसेसवर कॉफी घेऊ नका, दर वाचूनच झोप उडते. थर्मास न्या. वाटेत ऑक्सफर्डच्या पुढे मोहरीसारखी पिवळीधमक शेतं लागली. आई एकदम म्हणाल्या, "मंगळवारी तू ती निळी साडी नेस. स्कार्फ नि पँट नको." मी बरं म्हटलं. बोझेनाला काही कळलं नाही, पण तिने मागून माझ्या खांद्यावर हात ठेवला.

लेस्टरच्या बेलग्रेव्ह रोडवर उतरलं की आपण गुजरातेत पोचतो. साड्या, सोनं, फरसाण, गरम जिलबी. एका हॉटेलात थाळी खाल्ली, सहा पौंडांत पोटभर. मग आईंना बोझेनासाठी बांगड्या घ्यायच्या होत्या. दुकानदारीण म्हणाली, "माँजी, यहाँ फिक्स रेट है." आई म्हणाल्या, "हमारे कराड में भी फिक्स ही होता है," आणि पन्नास पेन्स कमी करूनच बाहेर आल्या.

पोलिश क्लब जुना होता, महायुद्धानंतर इथे राहिलेल्या सैनिकांनी उभारलेला. भिंतीवर त्यांचे फोटो, खाली घडीच्या खुर्च्या, टेबलावर खसखशीचा केक. निम्म्याहून जास्त बायका, बहुतेक अलीकडे आलेल्या, पॅकिंगच्या आणि साफसफाईच्या नोकऱ्यांतल्या, सुट्टीचे कपडे घालून बसलेल्या. हिंदी कळणाऱ्या आम्ही दोघीच. मारेक केस बांधून, पांढरा शर्ट घालून कोपऱ्यातल्या छोट्या दिव्याखाली बसला. काल गळा खरवडून काढलेला हाच माणूस, यावर विश्वास बसेना. त्याने वाचायला सुरुवात केली आणि आईंनी मला कोपर मारलं. "हाच तो," म्हणाल्या, अगदी समाधानाने.

सिनेमा नेहमीचा. मुलगा रागावून घर सोडतो, मोठा माणूस होतो, आई वाट बघत राहते. मारेकचा आवाज सगळ्यांच्या एक श्वास मागून चालत होता. शेवटी मुलगा परत येतो. म्हातारीला आता दिसत नाही. ती पावलं ऐकते आणि म्हणते, "आ गया? मैंने आज भी दो थालियाँ लगाई थीं." आणि तिथेच ती जाते.

मारेक काहीच बोलला नाही.

आम्हाला वाटलं, एक श्वास मागे राहिलाय, येईल. पण तो गप्पच. दिव्याखाली मान खाली घालून बसला होता. पडद्यावर मुलगा ओरडून रडत होता आणि हॉलमधल्या बायका एकमेकींकडे बघत होत्या. ती काय म्हणाली? बोझेनाने माझा दंड धरला. "काय म्हणाली ती?"

मला बोलवेना.

"अगं सांग ना तिला," आई कुजबुजल्या, पण कुजबूज चांगली कडक होती. "बिचाऱ्या बसल्यात ताटकळत."

मी बोझेनाला इंग्रजीत सांगितलं. आलास? मी आजही दोन ताटं वाढली होती. माझा आवाज मध्यावर फाटला, पण वाक्य पुरं झालं. बोझेनाने ते पोलिशमध्ये शेजारणीला सांगितलं, तिने पुढच्या रांगेत, आणि ते वाक्य खुर्च्याखुर्च्यांतून पार दारापर्यंत गेलं. जिथे पोचेल तिथली बाई रुमाल काढायची. सबंध हॉल असा रांगेरांगेने रडलेला मी पहिल्यांदाच बघितला.

पुढचं थोडंसं मारेकने वाचलं. सिनेमा संपल्यावर तो मागच्या अंगणात कचऱ्याच्या डब्यांपाशी एकटा उभा होता. आम्ही तिघी गेलो. त्याची आई हिवाळ्यात वारली, त्याने सांगितलं. तो तेव्हा दौऱ्यावर, जर्मनीत, व्हॅनमध्ये होता. हा सिनेमा त्याने आधी डीव्हीडीसाठी वाचलेला, तेव्हा ती होती. "ते वाक्य येतंय हे मला कागदावर आधीच दिसत होतं," तो म्हणाला. "मला नाही जमलं. काल तुम्हाला मोठ्या गोष्टी सांगितल्या."

मी आईंना सांगितलं. त्यांनी पिशवीतून उरलेली दशमी काढून त्याच्या हातात ठेवली आणि बोलायला लागल्या, सरळ मराठीत, त्याच्या डोळ्यांत बघून. मी एक श्वास मागे राहून इंग्रजी करत होते.

"बाळा, तुझी आई गेली, वाईट झालं. तू रड. कोण नाही म्हणतंय? पण वाक्य गाळू नकोस. त्या म्हातारीने एवढी वर्षं जपून ठेवलेलं वाक्य होतं ते, आणि या बायका ते ऐकायला आल्या होत्या. त्यांना न सांगता नुसतं रडायला बसवलंस. आधी सांगायचं. मग काय रडायचं ते सगळे मिळून रडू."

इंग्रजी करता करता शेवटच्या वाक्याशी माझ्या लक्षात आलं की हे कोणाला चाललंय. मी आईंकडे बघितलं. त्या माझ्याकडे बघत नव्हत्या. त्या मारेकला दशमी खायला लावत होत्या, तुकडा मोडून, आधी एक घास घे म्हणून.

सोमवारी आम्ही रस्ते मोकळे असताना लेस्टरहून निघून दुपारपर्यंत रीडिंगला पोचलो. या ट्रिपमधून काय मिळालं, असं श्रीकांतने विचारलं. मी म्हटलं, गाडीतलं बेलग्रेव्ह रोडचं फरसाण आण आणि आधी चहा टाक. खरं सांगायचं तर मी इतके दिवस वाईट बातमी कशी मऊ करायची याचाच विचार करत होते. आईंना मऊ काही नको होतं. त्यांना त्यांचं वाक्य हवं होतं, पूर्ण. श्रीकांतला मी एवढंच सांगितलं की मी थोडं थोडं सांगणार नाही. त्याने चहा गाळला, मग म्हणाला, "मी पण येतो. बाहेर बसेन." मी म्हटलं, बस.

मंगळवारी मी निळी साडी नेसले. डॉक्टर तरुण होते, हळू बोलणारे. त्यांनी एकेक वाक्य सांगितलं आणि थांबले. मी एकेक वाक्य मराठीत आईंना सांगितलं. गाठ कॅन्सरची आहे. लवकर सापडली आहे. ऑपरेशन करावं लागेल. त्यानंतर काही महिने औषधं. बरं होण्याची आशा चांगली आहे, पण खात्री देता येत नाही. 'खात्री देता येत नाही' हेही सांगितलं. एक शब्द गाळला नाही आणि आवाज हलू दिला नाही, तो कसा ते माझं मला माहीत.

आई हात मांडीवर ठेवून ऐकत होत्या. त्यांनी एकच विचारलं, पोळ्या करता येतील का. डॉक्टर म्हणाले, काही आठवड्यांनी, हो. मी तेही सांगितलं.

मग त्या खुर्चीतच माझ्याकडे वळल्या. "हे त्यांचं झालं," म्हणाल्या. "आता तुझं सांग."

मी म्हटलं, "आई, मला खूप भीती वाटतेय. मला तुम्ही हव्या आहात."

"मग मी आहेच की," त्या म्हणाल्या, आणि पहिल्यांदाच त्यांचा आवाज कापला.

डॉक्टरांनी अदबीने विचारलं, त्या काय म्हणाल्या? मी म्हटलं, हे तुमच्यासाठी नाही, आमचं आमचं चाललंय. त्यांनी मान डोलावली आणि टिश्यूचा खोका आमच्याकडे सरकवला. आईंनी आधी एक मला काढून दिला, मग स्वतःला घेतला.